बरणीचं रबर

गेरनोट लेमकेच्या बागेत शक्य तेवढं सगळं काळं होतं. टोमॅटोची रोपं काळ्या जातीची, कोबी काळपट, कुंपणालगतची फुलंही अशी गडद की जवळ गेल्याशिवाय जांभळी आहेत हे कळू नये. झोपडीलाही त्यानं एकदा काळा रंग दिला होता. शहरातल्या लोकांना भाड्यानं मिळणाऱ्या बागांच्या या वसाहतीचे अध्यक्ष हेर, म्हणजे श्रीयुत, ओलरिश यांनी नियमांची वही काढून तो महिन्याभरात परत हिरवा करून घेतला. एक तृतीयांश जमिनीत खायचं काहीतरी लावलंच पाहिजे, हा वसाहतीचा दुसरा नियम. तो पाळण्यासाठी गेरनोट गाजरं लावायचा. काळी गाजरं मिळतात हे त्याला अजून कोणी सांगितलं नव्हतं.

साठी ओलांडलेला हा माणूस काळ्या सदऱ्यात आणि काळ्या रबरी बुटांत वाफ्यापाशी उकिडवा बसून गाजरं विरळ करत होता. जर्मनीतल्या लायप्झिगमध्ये त्याला ओळखणारे पुष्कळ होते. ‘नोव्हेंबरहाउस’ या जोडीचा तो अर्धा भाग. डार्कवेव्ह म्हणतात त्या संगीतात, म्हणजे धुकं, घुमणारे लांबलचक सूर आणि घरातलं कोणीतरी नुकतंच गेलंय अशा थाटात गाणारी बाई, या प्रकारात त्यांचं नाव आदरानं घेतलं जाई. गाणारी बाई म्हणजे हेन्रिके. ती गायची, गेरनोट कीबोर्ड वाजवायचा आणि मुलाखती द्यायचा. मध्ये एकदा त्यांनी संसारही करून पाहिला. तो दीड वर्ष टिकला आणि जोडी अडतीस वर्षं टिकली, यावरून काय ते समजावं.

शनिवारी अकराच्या सुमारास हेन्रिके सायकलवरून आली. अंगात नारिंगी जाकीट, डोक्याला फुलाफुलांचा रुमाल, मागच्या टोपलीत रुबार्बचा केक. स्टेजवरचा काळा झगा ती स्टेजवरच ठेवून येई. एरवी ती बालवाडीतली बाई होती, आणि बालवाडीत काळं घालून गेलं तर पोरं रडतात असं तिचं म्हणणं.

“गाजरांनी तुझं काय बिघडवलंय?” तिनं विचारलं.

“विरळ करतोय.”

“कर. मला बोलायचंय तुझ्याशी. तू खालीच बघ, तुला तसं सोपं जातं.”

गेरनोट खालीच बघत राहिला.

“पेंटेकॉस्टच्या सणातला कार्यक्रम शेवटचा,” ती म्हणाली. “त्यानंतर मी गाणार नाही.”

“हे तू दोन हजार आठ सालीही म्हणाली होतीस.”

“तेव्हा मी तुझ्यावर चिडले होते. आता माझा घसा चिडलाय.” ती पालथ्या बादलीवर बसली. “मंगळवारी डॉक्टरकडे गेले होते. तिनं नळी घालून पाहिलं, मला वरखाली गायला लावलं, आणि म्हणाली, तुम्ही वर्षानुवर्षं तुमच्या आवाजाच्या खूप खाली गाताय, हा आवाज तुमचा नाहीच. मी म्हटलं, माहितीय मला. तो गेरनोटचा आहे.”

गेरनोटनं ठेवायचं ते चांगलं तगडं रोपच उपटलं आणि फेकून दिलं.

“वरचा आवाज सगळ्यांकडे असतो, खालचा शोधावा लागतो,” हेन्रिके म्हणाली. “कोण म्हणालं होतं?”

“मी.”

“अठ्ठ्याऐंशी सालचा जानेवारी, ट्रामचा थांबा. माझ्या डोक्यावर हिरवी लोकरीची टोपी होती. मी तेवीस वर्षांची होते, गेरनोट. मला वाटलं, याला माझा आवाज आवडला नाही, म्हणून यानं तो मशीनमध्ये घालून खाली ओढला. आणि लोकांना तो खालचाच आवडला, म्हणजे याचंच बरोबर असणार. मग मी तो शिकून घेतला. तक्रार नाही करत मी. पण आता लागत नाही तो, आणि दुसरा माझ्याकडे आहे असं तू कधी म्हणालाच नाहीस.”

तिनं हे सगळं केकवरचं फडकं सरळ करत सांगितलं. रडण्याबिडण्याचा प्रश्न नव्हता. हे जे ती शांतपणे सांगत होती त्याचा पायाच खोटा होता, आणि तो खोटेपणा जगात एकट्या त्यालाच ठाऊक होता.

खरं काय झालं होतं ते असं.

सत्त्याऐंशीच्या ऑगस्टमध्ये याच झोपडीत, भिंतींना घोंगड्या टांगून त्या दोघांनी आठ गाणी टेप केली. गाणी उन्हाळ्याची होती. पहिलं तर तळ्यावर पोहायला जायचं: ‘उद्याही येशील ना, टॉवेल विसरू नकोस.’ हेन्रिकेचा आवाज असा स्वच्छ आणि उंच की गेरनोट वाजवता वाजवता दोनदा चुकला. बाहेर त्याची आई चुलीवर आलुबुखार शिजवून बरण्या भरत होती आणि पातेल्याची वाफ टेपमध्ये हळूच फुसफुसत होती.

मग टेपरेकॉर्डरचा पट्टा तुटला. गेरनोट घरगुती यंत्रं दुरुस्त करणाऱ्या कारखान्यात कामाला होता, पण त्या वर्षी कारखान्यात पट्टे सोडून सगळं होतं. त्यानं आईच्या बरणीच्या झाकणाखालचं लाल रबर काढलं आणि बसवून दिलं. रबर बसलं, टेप फिरली, त्यानं रेकॉर्डर मित्राच्या यंत्राला जोडून एका दमात वीस प्रती उतरवल्या आणि न ऐकताच वाटून टाकल्या. न ऐकता, कारण कारागीर माणूस आपल्या दुरुस्तीवर संशय घेत नाही.

रबर घसरत होतं. टेप पाऊण वेगानं फिरली होती. तीन मिनिटं पाच सेकंदांचं गाणं चार मिनिटांच्या वर गेलं, आणि हेन्रिके कुठल्या तरी विहिरीच्या तळाशी बसून मेलेल्या माणसाला टॉवेल आणायला सांगते आहे असं ऐकू येऊ लागलं. महिन्याभरानं कारखान्यात पट्टे आले, गेरनोटनं टेप पुन्हा लावली आणि त्याच्या सगळं लक्षात आलं. पण तोवर प्रतींच्या प्रती निघाल्या होत्या. ड्रेस्डेनला एका चर्चच्या तळघरात चाळीस पोरापोरींनी ती टेप अंधारात बसून ऐकली आणि चाळीसही जणं रडली, अशी बातमी आली होती. कोणीतरी गेरनोटच्या खांद्यावर हात ठेवून म्हणालं, “हा संथपणा तुला सुचला कसा?” आणि गेरनोट म्हणाला, “सुचला.”

तेवढंच. एका शब्दावर माणूस केवढा इमला बांधतो.

पुढे तो इमला वाढतच गेला. बर्लिनची भिंत पडल्यावर त्यांनी पहिली तबकडी काढली, तीत चर्चचा घुमारा होता. मग ड्रम मशीनची वर्षं आली, तेव्हा प्रेक्षक जड बूट आपटत नाचायचे. मग लॅटिन शब्दांचं युग. ते शब्द गेरनोटनं औषधाच्या बाटल्यांवरून उतरवले होते, पण म्हटले की अंगावर काटा यायचा. नंतर चेलो हे तंतुवाद्य आलं. त्यानंतर जवळजवळ काहीच वाजत नाही अशी एक तबकडी आली, तीत अकरा मिनिटांचं एक गाणं होतं आणि सातव्या मिनिटाला एक दार बंद व्हायचं. समीक्षकांनी त्या दाराबद्दल बरंच लिहिलं. ते झोपडीचं दार होतं, वाऱ्यानं लागलं होतं. पहिल्या टेपवरच्या वाफेला तर एकानं सैबेरियाचा वारा म्हटलं होतं आणि टॉवेल म्हणजे कफन असा चार पानी लेख आला होता. प्रत्येक तबकडीत हेन्रिकेचा आवाज थोडा आणखी खाली गेला. गेरनोटला हे दिसत होतं. दर वेळी त्याला वाटे, पुढच्या वेळी सांगू.

एक गोष्ट त्यानं कोणालाच सांगितली नव्हती. दर गुरुवारी सकाळी दहा वाजता बालवाडीच्या अंगणात पोरांना गाणी शिकवताना हेन्रिके आपल्या आवाजात गायची. त्या वेळी गेरनोट नेमका कुंपणाबाहेर थांबून सायकलच्या चाकात हवा भरत असे. चार गाणी होईपर्यंत त्याची हवा भरून संपत नसे.

“हेन्रिके,” तो आत्ता म्हणाला आणि उठला. गुडघ्यांनी आवाज केला. “मला तुला एक सांगायचंय.”

“लेमके,” कुंपणापलीकडून हेर ओलरिश म्हणाले. “तुमच्या कुंपणाची उंची मोजायची आहे.”

गेरनोटला एवढा आनंद झाला की त्यानं अध्यक्षांना खुर्ची दिली. कुंपण मोजलं, दोन बोटं जास्त भरलं. मग त्यानं आपण होऊन गवत दाखवलं, कंपोस्टचा खड्डा दाखवला, पाण्याचा मीटर दाखवला. अडतीस वर्षांत अध्यक्षांना एवढा आदर मिळाला नव्हता, त्यांना संशयच आला. हेन्रिके बादलीवर बसून हे बघत होती.

“तुमचं झालं असेल तर,” ती म्हणाली, “याला मला काहीतरी सांगायचं होतं. आणि हा पळ काढतोय.”

“हो का,” हेर ओलरिश म्हणाले आणि मोजपट्टी गुंडाळली. “एक वाजत आला. एक ते तीन शांतता पाळायची आहे. जे काही सांगायचं असेल ते हळू आवाजात सांगा.” आणि ते आपल्या बागेकडे गेले.

आता पळायला जागा उरली नाही. गेरनोट झोपडीत गेला. फळीवर मागच्या बाजूला बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा होता. त्यात मूळ टेप होती, आणि तिच्याबरोबर लाल रबर, आता वाळून तडकलेलं. ते त्यानं का ठेवलं होतं, ते त्याला नीट सांगता आलं नसतं. जुना रेकॉर्डर त्यानं दर वर्षी तेलपाणी करून ठेवला होता, योग्य पट्ट्यासह. त्यानं टेप लावली, आवाज अगदी बारीक ठेवला आणि दार उघडं ठेवलं.

वाफ फुसफुसली. मग कीबोर्ड आला, उड्या मारत. आणि मग तेवीस वर्षं पूर्ण व्हायला अजून महिना असलेली हेन्रिके गायला लागली, उद्याही येशील ना, टॉवेल विसरू नकोस.

बादलीवरची हेन्रिके हललीसुद्धा नाही. गाणं संपलं तेव्हा तिचं तोंड थोडं उघडं होतं.

“हे काय आहे?”

“हे तू आहेस. जसं गायलीस तसं.” मग गेरनोटनं तळहातावर रबर धरून सगळं सांगितलं. पट्टा, बरणी, वीस प्रती, ड्रेस्डेन. कुठेही थांबला नाही, कारण थांबला असता तर पुन्हा सुरू करता आलं नसतं. “तुझा आवाज मी खाली ओढला नाही. तो घसरला. आणि लोक टाळ्या वाजवायला लागले, तेव्हा मी म्हटलं की ते मीच केलं.”

“आणि ट्रामचा थांबा?”

“तू विचारलंस, असं का केलंस. मला काहीतरी बोलायला हवं होतं.”

“ते वाक्य खोटं होतं?”

“हो.”

“सगळं?”

“सगळं.”

कुंपणाशी कोणीतरी खाकरलं. हेर ओलरिश पुन्हा आले होते, हातात नियमांची वही. शांततेच्या वेळात संगीत चालू असल्याची तक्रार नोंदवायला ते आले असावेत, पण वही मिटलेलीच होती.

“हे कोण गात होतं?” त्यांनी विचारलं.

“मी,” हेन्रिके म्हणाली.

“छान आहे की. ते तुमचं दुसरं प्रकरण सोडून हेच का नाही गात?” त्यांनी वही बगलेत मारली. “आवाज मात्र तीननंतर.”

ते गेले. हेन्रिकेनं रबर उचललं, बोटांत ताणून पाहिलं आणि खिशात टाकलं. मग केक उचलला. न कापलेला, तसाच्या तसा. तो टोपलीत ठेवला आणि सायकलवर बसली.

“पेंटेकॉस्टच्या रविवारी,” ती म्हणाली, “तू हे स्टेजवर सांगायचंस. सगळ्यांसमोर. मी नाही सांगणार, तू. मग मी ठरवीन काय ते.”

“माझं नाव जाईल, हेन्रिके.”

“माझा आवाज गेला होता,” ती म्हणाली आणि निघाली.

पेंटेकॉस्टच्या सुट्टीत या संगीताचा मोठा मेळा भरतो आणि लायप्झिग काळं होतं. ट्राममध्ये झगे आणि टोप्या मावत नाहीत, पार्कात पांढऱ्या चादरी अंथरून काळ्या कपड्यांची माणसं नीटस कपबशांतून चहा पितात, आणि आजीबाई त्यांना पत्ता विचारतात, कारण या दिवसांत तीच माणसं सगळ्यात सभ्य असतात. रविवारी दुपारी चार वाजता उघड्या मैदानावरच्या स्टेजपुढे दोन हजार जण उभे होते. ऊन भगभगत होतं. चेहऱ्यावरचा पांढरा रंग ओघळत होता, पण तक्रार करणं यांच्या स्वभावात नव्हतं. पहिली टेप संपूर्ण वाजवली जाणार अशी जाहिरात होती, आणि काही जणं त्यासाठी पोर्तुगालहून आली होती.

दोन आठवडे हेन्रिके गेरनोटशी एक शब्द बोलली नव्हती. सरावही नाही. आत्ता ती काळ्या झग्यात स्टेजच्या मध्यभागी उभी होती आणि मनगटाला तिनं काहीतरी लाल बांधलं होतं. रबर मधोमध तुटलं होतं, दोऱ्यानं जोडलं होतं.

गेरनोट माइकपाशी आला. अडतीस वर्षं मुलाखती देणाऱ्या माणसानं माइक दोनदा उगाचच वरखाली केला. एवढी माणसं मान वर करून त्याच्याकडे बघत होती, त्याला मोठा मानून, आणि तो मोठेपणा आता आपल्याच हातानं उतरवायचा होता.

त्यानं उतरवला. आलुबुखारापासून सुरुवात केली. “आम्ही पोहायला जायची गाणी लिहिली होती,” तो म्हणाला. “टॉवेल म्हणजे टॉवेलच. वारा म्हणजे माझ्या आईचं पातेलं. आणि तो संथपणा मला सुचला नाही. एक रबर घसरलं, आणि मी अडतीस वर्षं गप्प बसलो. त्यामुळे हिला वाटत राहिलं, की हिचा आवाज पुरेसा चांगला नाही. हे मी वाईट केलं.”

पहिल्या रांगेत उंच टोपीवाला एक माणूस वही काढून लिहू लागला. “रबर,” तो शेजारणीला कुजबुजला, “म्हणजे काळाची लवचिकता.” शेजारणीनं गंभीरपणे मान हलवली. गेरनोटनं ते ऐकलं आणि त्याच्या लक्षात आलं की त्याचं नाव काही केल्या जाणार नाही. माणसं त्याला सुटू द्यायला तयार नव्हती. त्याला हसूही आलं आणि लाजही वाटली.

“वाजव,” हेन्रिके म्हणाली.

त्यानं सुरुवात केली. चार आवर्तनं गेली आणि ती गायलाच लागली नाही. ती मागे वळली, माइक बाजूला करून म्हणाली, “गेरनोट, रबर अजून घसरतंय.”

खरंच होतं. बोटांना तोच वेग माहीत होता, तेवढाच. त्यानं पुन्हा सुरुवात केली, जरा जलद. तिनं मान हलवली. तिसऱ्यांदा तिनं पायानं ताल धरला, बालवाडीत पोरांना धरून देते तसा, बुटाची टाच आपटून, आणि तो त्या टाचेमागे निघाला. धापा टाकत, पण निघाला.

मग ती गायली.

आवाज तेवीस वर्षांचा राहिला नव्हता, कडेला थोडा खरखरीत झाला होता. पण तो वर गेला, सहज, कोणी अडवलेलंच नव्हतं असा. दोन हजार काळ्या कपड्यांतली माणसं भर उन्हात तळ्यावर टॉवेल न्यायचं गाणं ऐकत उभी राहिली. काही जणं मागच्या मागे सटकली, हेही खरं. काहींना पाय कसे हलवावे हे कळेना. जड बूट या वेगासाठी नव्हते. मग मागच्या बाजूला काळी छत्री घेतलेली एक जाडजूड बाई हसायला लागली आणि नाचायलाही लागली. तिच्या भोवती हळूहळू जागा होत गेली, आणि मग ती जागा भरत गेली.

गेरनोटच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. डोळ्यांभोवतीचं काजळ गालावर आलं, आणि लोकांनी तेही कार्यक्रमातच धरलं.

तीन मिनिटं पाच सेकंदांनी गाणं संपलं. टाळ्यांना थोडा उशीर झाला, कारण इतक्या लवकर काही संपण्याची या लोकांना सवय नव्हती. त्या उशिरात हेन्रिके कीबोर्डपाशी आली. माइक तिनं पाठीमागे धरला होता.

“आवडला?” तिनं विचारलं.

अडतीस वर्षं हा प्रश्न विचारायचा राहिला होता. गेरनोटला आता खोटं बोलायची ताकद उरली नव्हती.

“मी दर गुरुवारी ऐकतो,” तो म्हणाला. “दहा वाजता. कुंपणाबाहेर.”

टाळ्या आता सुरू झाल्या होत्या.

“ती सायकलची हवा?”

“हो.”

“आणि मी तुला वाढदिवसाला तीन वेळा नवीन ट्यूब दिली,” ती म्हणाली. तिचा ओठ हलला, मग तिनं तो दाताखाली धरला. माइक पुढे घेऊन तिनं दुसऱ्या गाण्याचं नाव सांगितलं आणि टाचेनं ताल धरला.